नीट धरून बसली नव्हती

माझा उजवा हात दुखतो, त्याला माझ्या घरातलं कुणीतरी जबाबदार आहे, असं मोटार अपघात दावा न्यायाधिकरणानं मला लेखी दिलं.

दुधाच्या बिनचालकी टँकरनं मला उडवलं. खांद्यातल्या नसा मुळापासून ताणल्या गेल्या, तुटल्या. हात लोंबतोय आणि आतून निखारे ठेवल्यासारखा जळतोय. आणि निकाल काय, तर या वेदनेतला शंभरातला एकोणसाठ हिस्सा टँकरचा, उरलेला एक्केचाळीस 'गृहजन्य'. गृहजन्य! म्हणजे घरी विरजण लावावं तसं हे दुखणं आम्ही घरीच लावलेलं.

शेखर, माझा नवरा, हॉलमध्ये उभा राहून निकाल मोठ्यानं वाचत होता. त्या शब्दाशी तो अडला. मग त्यानं त्याच्या आईकडं बघितलं. अक्कांनी त्याच्याकडं बघितलं. मी दोघांकडं बघितलं. कोपऱ्यातल्या काचेच्या टाकीत शेखरचे मासे तोंडं उघडत होते आणि मिटत होते.

"माझ्याकडं काय बघतोस रे?" अक्का म्हणाल्या. "मी काय केलं हिला? दोन वेळचं ताट हातात आणून देते. डाव्या हातानं जेवता येईना तर घास भरवले."

"तुला कोण म्हणतंय आई?"

"मग कुणाला म्हणतायत? घरात आहे कोण चौथं?"



आता हे एक्केचाळीस मोजलं कुणी, ते सांगते. माझ्या गळ्याभोवती एक पट्टा आहे, हाडाशी चिकटून बसणारा. त्याला वेदनापट्टा म्हणतात. अपघाताच्या पहिल्याच आठवड्यात टँकरच्या विमा कंपनीनं तो फुकट घातला. फुकट म्हटल्यावरच मला वास यायला पाहिजे होता. पण मी शुद्धीवर कुठं होते?

दुखणं दोन ठिकाणी तयार होतं. तुटलेली नस बोंब मारते, हे एक. ती बोंब किती मोठी करून ऐकायची हे मेंदू ठरवतो, हे दुसरं. माणूस घाबरलेला असला, एकटा पडला, अपमान गिळत बसला, की मेंदू तीच बोंब भोंगा लावून ऐकतो. नाटक नव्हे ते, दुखतं ते खरंच दुखतं. पट्टा दोन्ही वेगवेगळं मोजतो. नसेतून येतं ते 'मूळ' आणि मेंदू वर घालतो तो 'चढ'. चढ सुरू झाला की पट्ट्यावरचा हिरवा दिवा नारिंगी होतो. त्या वेळी जवळ कुणाकुणाचे फोन आहेत, तेही पट्टा टिपून ठेवतो.

नव्या कायद्यानं मूळ वेदना अपघात करणाऱ्याच्या माथी आणि चढ ज्यानं चढवला त्याच्या. वेदनेचा तीन चतुर्थांश हिस्सा अपघाताचा ठरला, तर प्रयोगशाळेत वाढवलेली नवी नस बसवून द्यायची. त्याच्या खाली आला तर गोळ्या. एकोणसाठात मला गोळ्या मिळाल्या होत्या.

आणि नस बसवायची तर वर्षाच्या आत. नंतर हाताचा स्नायू मरतो, मग सोन्याची नस आणून बसवली तरी तो हलत नाही. वर्षातले सहा-सात महिने न्यायाधिकरणानंच खाल्ले होते.

मला तो हात पाहिजे होता. मी वैजयंता कोरे. मिरजेतल्या निम्म्या बायकांना दुचाकी मी शिकवली आहे. साडी सावरत, किंचाळत, माझ्या खांद्यावर नखं रोवत त्या शिकल्या आणि नंतर मलाच कट मारून पुढं गेल्या. हात गेला तर मी काय शिकवणार, हातवारे?

मी अपील करायचं ठरवलं.

*

आमच्या वकील रेश्मा मुजावर. कोर्टात कमी आणि चहाच्या टपरीवर जास्त भांडणारी बाई.

"वैजयंताताई, मार्ग एकच," त्या म्हणाल्या. "सान्निध्यपट उघडायला मागायचा. कोण जवळ असताना किती चढ, ते नावानिशी बाहेर येईल. मग बघू तो चढ खरंच घरचा आहे का."

"नावानिशी?" शेखरनं विचारलं.

"हो."

"कशाला पण? कंपनीची लबाडी आहे ही सगळी. आकडे कुणी बघितलेत? आपण तेवढंच म्हणूया की."

"तेवढंच म्हटलं तर अपील पहिल्या तारखेला उडेल, कोरेसाहेब."

शेखरनं टेबलावरचा कागदाचा गोळा बोटांनी चपटा केला, परत गोल केला. मी त्याच्या बोटांकडं बघत राहिले. संशयाचं असंच असतं, एकदा शिरला की माणसाच्या तोंडाकडं बघवत नाही, बोटंच दिसतात.

सान्निध्यपट मागितला. तो येईपर्यंत घराचं जे झालं ते शत्रूच्या घरात होऊ नये.

अक्का ताट दारातनंच सरकवायला लागल्या. फोन स्वयंपाकघरात पिठाच्या डब्यावर ठेवून मगच हॉलमध्ये यायच्या. "माझं नाव नको बाई तुझ्या गळ्यात." समोरच्या घरातल्या पुष्पाकाकू भेटायला आल्या, तर त्यांनी फोन बाहेर चपलेत ठेवला होता. शेखर खोलीत आला की आधी माझ्या गळ्याकडं बघायचा. हिरवा असला तर बसायचा, नारिंगी असला तर काहीतरी विसरल्यासारखं करून परत फिरायचा. लग्नाला बारा वर्षं झाली, इतकं निरखून त्यानं माझा गळा कधी बघितला नव्हता.

आणि मी? मी सगळ्यांचा संशय घेत होते. अक्कांना माझ्याऐवजी भाची सून म्हणून हवी होती, हे मला जुनंच माहीत होतं. शेखरचं बाहेर काही आहे का? कंपनीनं मुजावरबाईंना फोडलंय का? एकदा तर वाटलं, मीच आतून काहीतरी सडलेली आहे. घरच्यांनी आणून घालायचं आणि मी मनात त्यांना शिव्या द्यायच्या, त्याचंच हे माप असेल.

सगळ्यांत वाईट म्हणजे मला अपघात आठवत नव्हता. डोकं आपटलं त्यात तेवढा तुकडाच गळून पडला. आठवतं ते इतकंच : पेठेतल्या दुकानात शेखर माशांसाठी टाकी निवडत होता. लांबट, जाड काचेची. मी म्हटलं, केवढी ही, न्यायची कशी? त्याच्यापुढं पांढरं. मग दवाखान्याचं छत.

बाकीचं मला शेखरनं सांगितलं. टाकी दुकानदारानं दुसऱ्या दिवशी टेम्पोनं पाठवली. आम्ही दोघं स्कूटरवरून घरी निघालो. डेअरीच्या बोळातून डावीकडून टँकर आला, थांबलाच नाही. "आणि ही नीट धरून बसली नव्हती. धरलं असतं तर माझ्यासारखं खरचटण्यावर निभावलं असतं."

मी! जिनं शंभर बायकांना पहिला धडा हाच दिला, की मागं बसणाऱ्यानं आधी धरायचं आणि मग हो म्हणायचं. पण आठवत नाही म्हटल्यावर भांडणार कशाच्या जोरावर? मान्य केलं.

*

सान्निध्यपट आला. मुजावरबाईंनी पडद्यावर लावला. त्यांच्या ऑफिसात आम्ही तिघं, अक्काही हट्टानं आल्या होत्या.

अक्कांच्या नावापुढं चढ जवळजवळ शून्य. अक्कांनी पदर सारखा केला आणि विजयी मुद्रेनं लेकाकडं बघितलं.

शेखरच्या नावापुढं नारिंगी डोंगर उभे होते.

"हे खोटं आहे," शेखर म्हणाला. त्याचा आवाज चिरकला. "मी हिला बोट लावलेलं नाही. शिवीसुद्धा नाही. विचारा तिला!"

खरं होतं ते. म्हणून मला जास्त भीती वाटली.

मुजावरबाई पडदा मागंपुढं करत होत्या. "थांबा, थांबा. हे बघा. तुम्ही दोघं एकटे असता तेव्हा हिरवा. झोपेत हिरवा. चढ आहे तो फक्त संध्याकाळी आणि रविवारी. आणि त्या वेळी दरवेळी आणखी फोन आहेत, तीन, चार, पाच. हे कोण?"

"भेटायला येणारी माणसं," अक्का म्हणाल्या. "शहाळं घेऊन येतात. पाव्हणेरावळे, ह्याच्या ऑफिसातली. मी तेव्हा आत चहाला असते."

"आणि आल्यावर काय विचारतात?"

अक्कांनी शेखरकडं बघितलं. मग मीच म्हटलं, "कसं झालं म्हणतात."

आपल्याकडं आजाऱ्याला भेटायला येणाऱ्याला पहिल्यापासून ऐकायचं असतं. कुठं निघाला होता, कोणत्या बाजूनं आला, रक्त किती गेलं. ऐकून चुकचुक करायचं, आपल्या मेहुण्याचा अपघात त्याहून मोठा कसा होता ते सांगायचं आणि उठायचं. नवीन माणूस आला की परत पहिल्यापासून. आमच्या हॉलमध्ये माझा अपघात मी घरी आल्यापासून रोज संध्याकाळी होत होता.

मुजावरबाईंनी टेबलावर थाप मारली. "मग हा चढ घरचा कसा? हा अपघाताच्याच आठवणीचा! ज्यांनी हा पट्टा बनवला, त्यांच्या गावात आजाऱ्याला कार्ड पाठवत असतील. पाच-पाच माणसं समोर बसून 'कसं झालं' ऐकत नसतील. अपील कोर्टात तुम्ही अपघात सांगायचा, सगळ्यांसमोर, पट्टा घालून. कोरेसाहेब बाहेर थांबतील. ते नसतानाही चढ दिसला की संपलं."

शेखरचा चेहरा इतका सुटला की मला त्याची दया आली. गाडीत त्यानं अक्कांना वडापाव खाऊ घातला. मीही हसले. पण मनाचा एक कोपरा हसला नाही. अपघाताच्या आठवणीचा चढ म्हणे. मला तर आठवतच नव्हतं!

*

कोल्हापूरला अपील कोर्टात भिंतीएवढा पडदा होता. त्यावर माझा आलेख : खाली काळी रेघ मूळ वेदनेची, वर पातळशी नारिंगी. न्यायमूर्ती म्हणजे चष्मा कपाळावर ठेवणाऱ्या एक बाई होत्या. कंपनीचे वकील देशिंगकर, मऊ आवाजाचे. मऊ आवाजाच्या माणसाला मी दुचाकीसुद्धा शिकवत नाही, ब्रेक कधी दाबेल सांगता येत नाही.

शेखर बाहेरच्या बाकावर बसला होता.

"सांगा," न्यायमूर्ती म्हणाल्या.

मी सांगितलं. मला दुसरे शब्द नव्हते, शेखरचेच होते, पाठ झालेले. दुकानातून निघालो. नारिंगी रेघ सपाट. डेअरीचा बोळ आला. सपाट. डावीकडून टँकर. सपाट. मुजावरबाईंनी पेन चावायला सुरुवात केली. देशिंगकर खुर्चीत रेलले. दुधाच्या टँकरनं मला उडवलं त्या वाक्यालासुद्धा माझा मेंदू जागचा हलला नाही.

"...आणि मी नीट धरून बसले नव्हते."

रेघ उभी राहिली. पडद्याच्या वरच्या कडेला टेकली. हातात निखारे फुलले, मी टेबल धरलं.

न्यायमूर्तींनी चष्मा खाली घेतला. "हेच वाक्य परत म्हणाल?"

म्हटलं. परत तेच.

"हे वाक्य मूळ कुणाचं?"

"माझ्या नवऱ्याचं. मला काही आठवत नाही."

देशिंगकर लगेच उठले. "बघितलंत ना माय लॉर्ड? टँकरच्या उल्लेखाला प्रतिसाद शून्य. नवऱ्याच्या वाक्याला शंभर. गृहजन्य म्हणजे आणखी काय वेगळं असतं?"

माझं अपील तिथं मेलं होतं. सगळ्यांना दिसत होतं. माझ्या डोक्यात मात्र तिसरंच चालू होतं. नसलेल्या आठवणीला दुखतं कसं? टँकर दुखत नाही, रस्ता दुखत नाही, मग हे चार शब्द का दुखतात?

"मॅडम," मी म्हटलं, "मला बोलायचंय. वकिलांतर्फे नाही, मलाच."

"बोला."

"हा पट्टा खरंखोटं सांगत नाही, मला माहीत आहे. काय बोचतं एवढंच सांगतो. पण मला हे वाक्य का बोचतंय ते सांगू शकेल असं त्या दिवशी रस्त्यावर आणखी कुणीतरी होतं. टँकर. त्याला ड्रायव्हर नाही, पण डोळे आहेत ना? त्यानं काय बघितलं ते दाखवा. मी धरलं होतं की नव्हतं ते एकदा मला बघू दे. नव्हतं धरलं तर मी गोळ्या घेऊन घरी जाते."

देशिंगकरांचा मऊ आवाज पहिल्यांदा खरखरला. "टँकरची नोंद हे व्यावसायिक गुपित आहे. शिवाय या अपिलाचा विषय वेदनेची वाटणी एवढाच..."

"धरलं नव्हतं हे तुमच्या कंपनीच्याही कैफियतीत आहे," न्यायमूर्ती म्हणाल्या. "जे तुम्ही म्हणता तेच दिसणार असेल, तर घाबरताय कशाला? दुपारनंतर नोंद हजर करा."

*

टँकर माणसासारखं बघत नाही. तो समोर किरण फेकतो. किरण वस्तूवर आपटून परत येतात, त्यावरून पुढं काय आहे, किती लांब आहे, ते ठरवतो. जिथनं किरण परत येत नाही तिथं त्याच्या लेखी काही नसतं, मोकळा रस्ता.

पडद्यावर ठिपक्याठिपक्यांची आमची गाडी आली. ठिपक्यांचा शेखर. त्याच्यामागं, डावीकडं तोंड करून, एका बाजूला बसलेली ठिपक्यांची बाई. म्हणजे मी. एका बाजूला मी कधी बसत नाही. पाय दोन्हीकडं टाकून बसावं, हा माझा दुसरा धडा.

आणि माझ्या मांडीवर एक भोक होतं. लांबट, चौकोनी, काळं. पोटापासून गुडघ्यापर्यंत मी नव्हतेच. भोकाच्या दोन्ही बाजूंनी ठिपक्यांचे दोन हात वळले होते, काहीतरी कवटाळून.

अक्का माझ्या मागच्या बाकावर होत्या. त्याच पहिल्यांदा बोलल्या. "अगं बाई. टाकी."

काचेची टाकी. काचेनं किरण आरपार जाऊ दिले, उरलेले भलतीकडं उडवले. टँकरनं माझ्या जागी पोकळी बघितली आणि पोकळीतून पुढं निघाला. त्याच्या यंत्राला काच दिसत नाही हे कंपनीला पहिल्या दिवसापासून माहीत होतं. म्हणून ती नोंद गुपित होती.

मी नीट धरून बसले होते. दोन्ही हातांनी. टाकी.

रस्त्यावर खांद्यावर पडले तेव्हाही सोडली नव्हती. म्हणून तर ती आमच्या हॉलमध्ये एका कोपऱ्याच्या टवक्याखेरीज शाबूत उभी होती.

शेखरला आत बोलावलं. पडद्याकडं बघितल्याबरोबर तो खाली बसला, पिंजऱ्यात बसायला खुर्ची नसते तरी.

"टाकी टेम्पोनं आली होती ना?" मी विचारलं.

"वैजू, ऐक. तू ऑपरेशनला आत होतीस. कंपनीचा माणूस आला. म्हणाला, स्कूटरवर एवढी काच न्यायची म्हणजे गुन्हा तुमच्यावर, लायसन्स जाईल आणि बायकोचा दावापण जाईल. टाकीचं नाव काढू नका, म्हणाला. नीट धरलं नव्हतं एवढंच लिहा. मी तुझ्याच दाव्यासाठी..."

"आणि रोज पाच माणसांना सांगितलंस तेही दाव्यासाठी?"

"सगळ्यांना एकच सांगायला लागतं ना."

"गाडी तू का चालवत होतास? शिकवते मी."

तो पुटपुटला. न्यायमूर्तींनी मोठ्यानं सांगायला लावलं.

"म्हटलं, टाकी घेऊन मी मागं बसलो आणि बायको चालवतीये, लोक काय म्हणतील."

मुजावरबाईंनी पेन खाली ठेवलं. देशिंगकर मात्र हुशार, लगेच उभे राहिले. म्हणाले, नवरा खोटं बोलला हे सिद्ध झालं, म्हणजे चढ गृहजन्यच ठरतो.

मी उभी राहिले. हात जळत होता, जळू दे म्हटलं.

"साहेब, हे वाक्य माझ्या घरात पिकलेलं नाही. तुमच्या माणसानं दवाखान्यात येऊन माझ्या नवऱ्याच्या तोंडात घातलंय. त्यानं ते गिळलं, त्याचं मी घरी बघून घेईन. पण टँकर आला नसता तर ते वाक्यही आलं नसतं. टँकर तुमचा, वाक्य तुमचं, चढही तुमचा. उचला."

न्यायमूर्ती बराच वेळ काही लिहीत राहिल्या. पुढच्या आठवड्यात निकाल आला. सगळी वेदना अपघाताची. नस मंजूर. मुदतीत.

*

शस्त्रक्रियेच्या आदल्या संध्याकाळी पुष्पाकाकू आणि त्यांचे यजमान शहाळं घेऊन आले. फोन आता चपलेत नव्हता, हातात होता. पट्टा दुसऱ्या दिवशी डॉक्टरच काढणार होते, म्हणून अजून गळ्यात होता. अक्कांनी मधली खिडकी उघडली, पंखा लावला आणि माझ्या शेजारी येऊन बसल्या.

"पण मग नक्की झालं तरी कसं?" यजमानांनी विचारलंच.

शेखरनं घसा साफ केला. जुन्या सवयीनं तोंड उघडलं, मग थांबला. "टाकी तिच्या हातात होती," तो म्हणाला. "मीच दिली होती. धरायला तिला हातच नव्हता."

पट्टा हिरवा राहिला. शेखरनं सुटकेचा श्वास टाकला, आणि तेवढ्यात मला दिसलं की तो माझ्या तोंडाकडं बघतच नव्हता. पहिल्या शब्दापासून शेवटच्या शब्दापर्यंत त्याची नजर माझ्या गळ्यावर होती. दिवा हिरवा आहे ना, बस. मला ते चाललं का, पटलं का, त्याचं त्याला काही नव्हतं. नारिंगी झाला असता तर त्यानं हेही वाक्य बदललं असतं, तिसरं काढलं असतं.

मी डावा हात उचलला आणि दिव्यावर तळवा ठेवला. घट्ट.

त्याची नजर गळ्यावरून हनुवटीवर आली, मग डोळ्यांवर. तिथं ती टिकेना.

"आता परत सांग," मी म्हटलं.

"कुठनं?"

"दुकानापासनं."